दंडाचे हाड झिजले, कोड कोणता?

अमेरिकेतल्या एखाद्या अस्थिरोग दवाखान्यातला चार्ट पुण्यातल्या किंवा नवी मुंबईतल्या कोडरच्या, म्हणजे निदानांना कोड देणाऱ्याच्या, पडद्यावर उघडतो. रुग्णाच्या उजव्या दंडात दुखते आहे, एक्स-रे झाला आहे आणि निदानाच्या रकान्यात डॉक्टरांनी एवढेच लिहिले आहे: उजवा ह्यूमरस, बोन लॉस. ह्यूमरस म्हणजे खांद्यापासून कोपरापर्यंतचे, दंडातले एकमेव हाड. डॉक्टरांच्या दृष्टीने मुद्दा संपला. कोडरच्या दृष्टीने तो इथे सुरू होतो, कारण 'हाड कमी झाले' या वाक्यातून निघणारे पाच-सहा कोड आहेत, त्यांपैकी एकच या रुग्णाचा आहे आणि तो अंदाजाने निवडायला परवानगी नाही. तो निवडतात कसा, हे पायरी पायरीने पाहू.

आजाराला कोड देण्याची पद्धत आंतरराष्ट्रीय आहे. जागतिक आरोग्य संघटनेने १९९० मध्ये मान्य केलेली रोगवर्गीकरणाची दहावी आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१०, बहुतेक देशांनी घेतली. अमेरिकेने तिच्यात आपल्या गरजेनुसार भर घालून आयसीडी-१०-सीएम ही स्वतःची आवृत्ती केली आणि १ ऑक्टोबर २०१५ पासून दवाखान्यांना व रुग्णालयांना ती सक्तीची केली. आधीच्या नवव्या आवृत्तीत चौदा हजारांच्या आसपास कोड होते. नवीत ते सुमारे सत्तर हजार झाले. ही वाढ नव्या रोगांमुळे झालेली नाही. शरीराचा भाग, उजवी-डावी बाजू आणि उपचाराचा टप्पा या गोष्टी कोडमध्येच सांगायच्या ठरल्या, म्हणून यादी फुगली. आपल्या दंडाच्या हाडाची सगळी गुंतागुंत याच तीन गोष्टींभोवती आहे.

कोड वाचायचा कसा

उजव्या दंडाचे हाड विरघळले असेल तर त्याचा कोड आहे एम८९.५२१. प्रत्यक्ष नोंदीत पहिले अक्षर आणि आकडे रोमन असतात. इथे ते नागरीत लिहिले आहेत.

'एम' म्हणजे तेरावे प्रकरण: स्नायू, सांधे, हाडे आणि संयोजी ऊती. 'एम८९' म्हणजे हाडांचे इतर विकार. बिंदूनंतरचा ५ म्हणजे ऑस्टिओलिसिस, हाड विरघळणे. त्यापुढचा २ म्हणजे दंड. शेवटचा १ म्हणजे उजवी बाजू. डाव्यासाठी तिथे २ येतो आणि बाजू नोंदवलेलीच नसेल तर ९. म्हणजे एम८९.५२२ हा डावा दंड आणि एम८९.५२९ हा बाजू न सांगितलेला दंड. एम८९.५ किंवा एम८९.५२ एवढाच कोड पाठवला तर तो अपुरा ठरतो आणि विमा कंपनीकडून क्लेम परत येतो. दंडासाठी सहाही जागा भराव्याच लागतात.

दोन्ही दंडांत विकार असेल तर? या गटात 'दोन्ही बाजू' असा वेगळा कोड नाही. नियम असा की अशा वेळी उजव्याचा आणि डाव्याचा असे दोन्ही कोड लिहायचे. एकाच रुग्णात दंड, मांडी, हात अशा अनेक ठिकाणी हाड विरघळले असेल तर 'अनेक जागा' यासाठी एम८९.५९ आहे.

जागेबद्दल एक सूक्ष्म नियम आहे आणि नवे कोडर नेमके तिथेच अडखळतात. ह्यूमरसचा वरचा गोल भाग खांद्याच्या सांध्यात बसतो. तिथले हाड विरघळले तर रिपोर्टमध्ये 'खांदा' हा शब्द हमखास येतो आणि हात आपोआप एम८९.५१ कडे, म्हणजे खांद्याच्या कोडकडे जातो. अधिकृत मार्गदर्शक सूचना मात्र सांगतात की विकार हाडाचा असेल तर हाडाचे टोक सांध्यापाशी असले तरी जागा हाडाचीच धरायची, सांध्याची नव्हे. म्हणून ह्यूमरसचे डोके विरघळले तरी जागा दंडच. खांद्याचा कोड गळपट्टीच्या हाडासाठी आणि खांद्याच्या फऱ्यासाठी. वजने उचलणाऱ्यांच्या गळपट्टीचे बाहेरचे टोक झिजते, ते दुखणे या दुसऱ्या घरातले.

हाड विरघळते म्हणजे काय होते

कोडरने डॉक्टर व्हायचे नसते, पण शरीरात काय घडते हे त्याला ठाऊक नसेल तर सारख्या दिसणाऱ्या शब्दांतला फरक कळणार नाही. जिवंत हाडात दोन तऱ्हेच्या पेशी सतत कामाला असतात. ऑस्टिओक्लास्ट जुने हाड खरवडून काढतात, ऑस्टिओब्लास्ट तिथे नवे हाड भरतात. एक टोळी रस्ता खोदते आणि दुसरी मागून तो बुजवत येते, तसेच हे. दोघींचा वेग जुळला की हाड ताजे राहते. खोदणारी टोळी पुढे गेली आणि बुजवणारी मागे पडली की हाड उणे होत जाते.

हे उणे होणे दोन प्रकारचे. सगळ्या सांगाड्यात थोडे थोडे हाड विरळ होते तेव्हा त्याला ऑस्टिओपोरोसिस म्हणतात. वय, रजोनिवृत्ती, दीर्घकाळ घेतलेली स्टेरॉइड्स ही त्याची नेहमीची कारणे. एका ठरावीक जागी हाड खाल्ले जाते आणि तिथे पोकळी पडते, ते ऑस्टिओलिसिस. त्यामागे बहुतेक वेळा स्थानिक कारण असते: हाडात उतरलेला कर्करोग, मल्टिपल मायलोमा, जंतुसंसर्ग किंवा कृत्रिम सांध्यातून झडलेले प्लास्टिकचे सूक्ष्म कण. क्वचित कारण सापडतच नाही आणि हाड नाहीसे होत जाते. त्याचे वैद्यकीय वाङ्मयातले सर्वांत जुने परिचित वर्णन दंडाच्याच हाडाचे आहे: बोस्टनच्या जॅक्सन या डॉक्टरांनी १८३८ मध्ये 'बिनहाडाचा हात' म्हणून ते प्रसिद्ध केले. १९५५ मध्ये गोरहॅम आणि स्टाउट यांनी अशा रुग्णांचा एकत्र अभ्यास मांडला आणि त्या विकाराला त्यांचे नाव मिळाले.

साध्या एक्स-रेवर ही झीज उशिरा दिसते. त्या जागचे तीस ते पन्नास टक्के खनिज गेल्याशिवाय डाग ठळक होत नाही, असे रेडिओलॉजीची पाठ्यपुस्तके सांगतात. म्हणून चार्टमध्ये पहिल्या भेटीला 'एक्स-रे स्वच्छ' आणि तिसऱ्या भेटीला 'एमआरआयमध्ये मोठी पोकळी' अशा नोंदी दिसल्या तर त्यांत विसंगती नसते. कोड मात्र ज्या भेटीचा चार्ट समोर आहे, त्या भेटीत जे नोंदवले आहे त्याचाच द्यायचा.

शोध घेण्याचा क्रम

आयसीडी-१०-सीएमचे दोन भाग असतात: अकारविल्हे सूची आणि क्रमवार कोडयादी. पहिला नियम, सूचीतून थेट कोड उचलायचा नाही. सूचीत 'ऑस्टिओलिसिस' शोधावे, खाली 'ह्यूमरस' ही ओळ सापडते, ती एम८९.५२ कडे पाठवते. मग कोडयादीत तो गट उघडायचा आणि त्याच्या डोक्यावर दिलेल्या सूचना वाचायच्या. वेळ वाचवण्यासाठी सूचना न वाचणारा कोडर ऑडिटमध्ये सापडतो.

एम८९.५ च्या डोक्यावर दोन सूचना आहेत. पहिली वगळणुकीची: कृत्रिम सांध्याभोवतीचे हाड विरघळले असेल तर हा गट वापरायचाच नाही, टी८४.०५ कडे जायचे.   दुसरी जोडणीची: हाडाचा मोठा भाग गमावला असेल तर एम८९.७ मधला कोड जादा लावायचा.

आता आपल्या चार्टमधला मूळ शब्द घ्या. डॉक्टरांनी 'ऑस्टिओलिसिस' लिहिलेले नाही, 'बोन लॉस' लिहिले आहे. सूचीत 'लॉस' खाली 'बोन' पाहिले तर ती ओळ हाडाच्या घनतेच्या आणि रचनेच्या इतर विकारांकडे, म्हणजे एम८५.८ कडे वळवते. उजव्या दंडासाठी तिथे एम८५.८२१ मिळतो. सूची पाळणाऱ्या कोडरला इथेच पोचावे लागते. पण रिपोर्टमध्ये पोकळीचे वर्णन असेल आणि डॉक्टरांच्या मनात ऑस्टिओलिसिस असेल, तर हा कोड आजार सौम्य करून सांगतो. एका मोघम शब्दाने रुग्णाचे हाड 'विरघळले' ऐवजी 'जरा विरळ' ठरते, आणि त्यावर मागितलेला एमआरआय किंवा बायोप्सी विमा कंपनीला अनावश्यक वाटू शकते.

जवळचे दिसणारे, पण वेगळे

दंडाच्या हाडाबाबत चुकीच्या घरात नेणारे चार रस्ते नेहमीचे आहेत.

पहिला ऑस्टिओपोरोसिसचा. हाडे ठिसूळ आहेत, पण आत्ता मोडलेले काही नाही, तर कोड एम८१. या गटात दंड, मांडी अशी जागा सांगायची सोयच नाही, कारण हा सगळ्या शरीराचा विकार मानला आहे. तोच रुग्ण साधा घसरून पडला आणि ह्यूमरस मोडला, तर कोड बदलतो: वयपरत्वे आलेला ऑस्टिओपोरोसिस आणि उजव्या ह्यूमरसचा अस्थिभंग मिळून एम८०.०२१, आणि त्यापुढे सातवे अक्षर. सक्रिय उपचार चालू असतील तर 'ए', हाड नीट जुळत असताना तपासणी असेल तर 'डी', जुळायला उशीर होत असेल तर 'जी', जुळलेच नाही तर 'के', वाकडे जुळले तर 'पी', मागाहून उरलेला परिणाम असेल तर 'एस'. पडणे किरकोळ होते की नाही, यावरून कोडर गोंधळतात. सूचना स्पष्ट आहे: निरोगी हाड जिथे मोडले नसते, अशा पडण्याने ऑस्टिओपोरोसिसच्या रुग्णाचे हाड मोडले, तर अपघाती अस्थिभंगाचा कोड द्यायचा नाही, एम८० द्यायचा.

दुसरा कर्करोगाचा. स्तन, फुफ्फुस, मूत्रपिंड किंवा थायरॉइडचा कर्करोग ह्यूमरसमध्ये उतरून तिथले हाड खातो. रिपोर्टमध्ये 'लायटिक लिजन' असे लिहिलेले असते आणि शब्दावरून मन एम८९.५ कडे धावते. पण कारण निश्चित झाले असेल तर कोड हाडातल्या दुय्यम कर्करोगाचा, सी७९.५१. हाडाचे विरघळणे हा त्या गाठीचाच परिणाम असल्याने त्यासाठी सहसा वेगळा कोड लागत नाही. सोबत मूळ कर्करोगाचा कोड हवा. तो उपचारांनी पूर्ण गेलेला असेल तर पूर्वेतिहासाचा. मल्टिपल मायलोमा असेल तर सी९०.०. गाठीमुळे दंड मोडला असेल तर एम८४.५२१ हा अस्थिभंगाचा कोडही येतो. आधी कोणता लिहायचा हे त्या भेटीत उपचार कशावर चालले आहेत यावरून ठरते: शस्त्रक्रिया मोडलेल्या हाडाची असेल तर अस्थिभंग आधी, रेडिएशन गाठीला असेल तर गाठ आधी.

तिसरा जंतुसंसर्गाचा. ऑस्टिओमायलायटिस हाड कुजवतो. त्याचे घर एम८६ आणि दीर्घकालीन प्रकारांत ह्यूमरसच्या वेगळ्या जागा आहेत. चौथा रक्तपुरवठा तुटल्याने हाड मरण्याचा, एम८७. मेलेले हाड पुढे ढासळते, म्हणून रिपोर्टमध्ये 'लॉस' येतो, पण विकाराचे नाव वेगळे असते.

कृत्रिम सांधा असेल तर

खांद्याचा कृत्रिम सांधा बसवलेला रुग्ण काही वर्षांनी दुखणे घेऊन येतो. सांध्यातल्या पॉलिएथिलीनचे कण झडलेले असतात, ते गिळायला आलेल्या पेशी दाह निर्माण करतात आणि तो दाह ऑस्टिओक्लास्टना चेतवतो. कृत्रिम दांड्याभोवतीचे ह्यूमरसचे हाड पोखरले जाते. हा टी८४.०५ चा रुग्ण.

या गटात खुबा आणि गुडघा यांना उजवे-डावे वेगळे कोड आहेत, खांद्याला नाही. खांदा 'इतर कृत्रिम सांधा' यात येतो, म्हणजे टी८४.०५८, आणि चालू उपचारासाठी सातवे अक्षर 'ए'. पण मग कोणता सांधा, कोणत्या बाजूचा हे कळणार कसे? त्यासाठी झेड९६.६ मधला जादा कोड लावायचा: उजव्या कृत्रिम खांद्यासाठी झेड९६.६११, डाव्यासाठी झेड९६.६१२. हा जादा कोड विसरला की क्लेममध्ये सांध्याचे नावच राहत नाही.

मोठी पोकळी: जोडीचा कोड

एम८९.७ हा गट स्वतंत्र आजार सांगत नाही. हाडाचा इतका मोठा भाग गेला आहे की शल्यविशारदाला तो भरावा लागेल, एवढे तो सांगतो. ह्यूमरससाठी उजवा एम८९.७२१, डावा एम८९.७२२. नियम असा की मूळ आजार आधी लिहायचा आणि हा नंतर. कर्करोग, ऑस्टिओमायलायटिस, रक्तपुरवठा तुटणे, ऑस्टिओलिसिस, कृत्रिम सांध्याभोवतीची झीज, यांपैकी जे असेल ते पहिले.

हा कोड का महत्त्वाचा? एक्स-रेमध्ये नखाएवढी पोकळी असलेला रुग्ण आणि अर्धा ह्यूमरस गेलेला रुग्ण, दोघांचा मूळ आजार एकच असू शकतो. पहिल्याला निरीक्षण पुरते. दुसऱ्याला हाडाचे रोपण किंवा खास बनवलेला मोठा कृत्रिम सांधा लागतो. हा फरक दाखवायला हाच कोड आहे. पण 'मोठा' हे डॉक्टरांनी लिहिलेले असावे लागते. मापावरून कोडरने ठरवायचे नाही.

'बहुधा' या शब्दाचे काय करायचे

डॉक्टर अनेकदा 'ऑस्टिओलिसिस असावा' किंवा 'गाठ नाकारण्यासाठी तपासणी' असे लिहितात. बाह्यरुग्ण विभागाचा नियम कडक आहे: शंका, शक्यता, नाकारणे असे शब्द असतील तर तो आजार कोड करायचा नाही. जे निश्चित आहे तेवढेच द्यायचे. उजव्या दंडातले दुखणे, एम७९.६२१. एक्स-रेवर काही वेगळे दिसले आहे, पण नाव ठरलेले नाही, तर आर९३.६. मात्र रेडिओलॉजिस्टने तपासणीचा अंतिम अहवाल दिला असेल आणि त्यात निदान ठामपणे लिहिले असेल, तर बाह्यरुग्ण विभागात ते कोड करता येते.

रुग्णालयात दाखल रुग्णासाठी नियम उलटा. डिस्चार्जच्या वेळीही निदान 'बहुधा ऑस्टिओलिसिस' एवढेच असेल तर ते असल्याप्रमाणे कोड करतात, कारण त्याच संशयावर सगळे उपचार झालेले असतात. पण तिथे केवळ एक्स-रेचा अहवाल पुरत नाही. उपचार करणाऱ्या डॉक्टरांनी त्या निष्कर्षाचे महत्त्व नोंदवलेले असावे लागते.

माहिती तोकडी असेल तर कोडर डॉक्टरांना क्वेरी पाठवतो. क्वेरी उत्तर सुचवणारी नसावी. 'हा ऑस्टिओलिसिसच ना?' असे विचारणे चुकीचे. 'एमआरआयमध्ये उजव्या ह्यूमरसच्या वरच्या भागात पोकळी वर्णिली आहे. आपल्या मते तिचे निदान काय, कृपया नोंदवावे' असे विचारणे योग्य. निदान डॉक्टरांचे, कोडरचे काम ते योग्य घरात नेण्याचे.

आपल्याकडे काय चालते

भारतात कर्करोग असो वा हृदयविकार, मृत्यूच्या वैद्यकीय प्रमाणपत्रावरची कारणे जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० नुसार वर्गीकृत होतात. आरोग्यविम्याच्या दावा-अर्जाचा रुग्णालयाने भरायचा भाग घेतला तर त्यातही मुख्य आणि जादा निदानांसाठी आयसीडी-१० चे रकाने असतात. या मूळ आवृत्तीतही ऑस्टिओलिसिस एम८९.५ मध्येच आहे आणि पाचव्या जागी दंडाचा २ जोडता येतो; उजवे-डावे सांगणारे सहावे अक्षर मात्र तिच्यात नाही. ते अमेरिकी भर आहे. म्हणून अमेरिकी चार्ट करायला शिकलेला कोडर इथल्या दाव्यात सहा जागांचा कोड घालतो तेव्हा तो फेटाळला जाऊ शकतो. कुठल्या देशाचा क्लेम आहे, हे आधी पाहावे.

चेन्नई, हैदराबाद, पुणे, नवी मुंबई अशा शहरांत जीवशास्त्र, फार्मसी, फिजिओथेरपी शिकलेली हजारो मुले-मुली आज या कामात आहेत. त्यांची गुणवत्ता वेगावर मोजली जाते, पण नोकरी टिकते अचूकतेवर. आणि अचूकतेची सुरुवात त्यांच्या हातात नसते; ती डॉक्टरांच्या एका ओळीत असते.

ती ओळ कशी असावी? 'बोन लॉस' न लिहिता हाडाचे नाव, बाजू, झिजेचे स्वरूप, ठाऊक असेल तर कारण, मोठी पोकळी आहे का, हाड मोडले आहे का आणि जवळ कृत्रिम सांधा आहे का, एवढे लिहावे. 'उजव्या ह्यूमरसच्या वरच्या भागात ऑस्टिओलिसिस, मोठा अस्थिदोष, कृत्रिम सांधा नाही, अस्थिभंग नाही, कारणाचा शोध चालू.' ही ओळ लिहायला अर्धे मिनिट लागते. तिच्यावरून कोडर एम८९.५२१ आणि त्याच्या जोडीला एम८९.७२१ लावतो, क्वेरी पाठवावी लागत नाही, क्लेम परत येत नाही आणि पुढची तपासणी का हवी, हे विमा कंपनीला वेगळे पटवून द्यावे लागत नाही.